बटाट्याच्या सालीचा हिशेब

आठवीतला एक मुलगा सलग नऊ दिवस शाळेत आला नाही. दहाव्या दिवशी आला, तो दप्तर न घेताच. नखांत माती, सदऱ्यावर गोणपाटाचे धागे. टेबलाजवळ उभा राहून म्हणाला, "सर, शाळा सोडल्याचा दाखला पाहिजे."

आम्ही विचारले, "का रे बेटा?"

"मामूंच्या गाळ्यावर बसणार. कांदे-बटाट्याच्या. अम्मी हो म्हणालीय."

आम्ही पुढे काही बोलायच्या आत त्याने उत्तरही देऊन टाकले. बहुधा घरून तयार करूनच आणले होते. "सर, अमेरिकेत एक माणूस होता. माझ्याएवढा असताना त्याने शाळा सोडली. बटाट्यावर अब्जाधीश झाला. मामूंनी मोबाइलवर दाखवलं."

इतक्या वर्षांच्या नोकरीत दाखला मागणारी मुले आम्ही पुष्कळ पाहिली. पुरावा घेऊन आलेला हा पहिलाच. आणि त्याचा पुरावा खोटाही नव्हता. आम्ही म्हणालो, "आठ दिवस दे. त्या माणसाचा सगळा हिशेब काढू, जमा आणि नावे दोन्ही. मग दाखल्याचं बघू." तोच हिशेब या महिन्यात आपल्यासमोर ठेवतो आहोत. कारण वाचकहो, असा एखादा मुलगा आणि असे एखादे मामू आपल्या पुष्कळ घरांत आहेत.

त्या माणसाचे नाव जॉन रिचर्ड सिम्प्लॉट. लोक त्याला जॅक म्हणत. जन्म ४ जानेवारी १९०९ चा, अमेरिकेतल्या आयोवा राज्यातला. तो तान्हा असतानाच कुटुंब पश्चिमेकडे आयडाहो राज्यात गेले आणि डेक्लो नावाच्या गावाजवळ शेती करू लागले. तो सगळा कोरडा, झुडपांचा माळ. स्नेक नदीचे पाणी कालव्यांनी आणले तेव्हा कुठे तिथे पीक उभे राहिले. ज्वालामुखीच्या राखेची भुसभुशीत जमीन, थंड रात्री आणि कालव्याचे पाणी. बटाट्याला आणखी काय हवे?

चौदाव्या वर्षी जॅकने शाळा सोडली. वडील कडक शिस्तीचे, त्यांच्याशी खटका उडाला आणि पोरगा घर सोडून गावातल्या एका लहानशा हॉटेलात खोली घेऊन राहू लागला. त्याच हॉटेलात काही शिक्षक राहत होते. शाळेकडे रोकड नव्हती म्हणून त्यांना पगाराऐवजी चिठ्ठ्या मिळत. पैसे पुढे व्याजासह देऊ, असे त्या चिठ्ठ्यांवर वचन असे. पण शिक्षकांना किराणा आज भरायचा होता. जॅकने त्यांच्याकडून एका डॉलरची चिठ्ठी ५० सेंटला घेतली आणि बँकेला ९० सेंटला विकली.

इथे आम्ही वाचता वाचता थांबलो. विनाअनुदानित शाळेत वर्षानुवर्षे पगाराची वाट पाहिलेले सहकारी आम्हाला ठाऊक आहेत. महिनाअखेरीला वाण्यापुढे उभे राहताना मान कशी खाली जाते, हे त्यांनी सांगायची गरज नाही. जॅकने कोणाला फसवले नाही, सौदा राजीखुशीचा होता. पण अब्जाधीशाच्या वहीतली पहिली जमा शिक्षकांच्या निकडीतून आली आहे. ती तशीच लिहून ठेवू.

त्या पैशांतून त्याने एक जुना ट्रक, एक बंदूक आणि सुमारे ६०० डुकरे घेतली. त्या वर्षी भाव पडले होते, म्हणून लोक ती मातीमोल विकत होते. त्यांना खायला घालायचे काय? माळावरचे जंगली घोडे मारून त्यांचे मांस त्याने शिजवले आणि त्यात शेतकऱ्यांनी टाकून दिलेले बटाटे मिसळले. आपल्या घरांना हा भाग रुचणार नाही, लिहिताना आमचाही हात अडखळला. पण तो वगळला तर हिशेब तुटतो, कारण टाकाऊ बटाटा त्याच्या धंद्यात पहिल्यांदा इथेच आला. हिवाळाभर जनावरे जगवून त्याने ती भाव चढल्यावर विकली, आणि त्या पैशांवर जमीन भाड्याने घेऊन बटाटा लावला.

पुढे एका भागीदाराबरोबर त्याने बटाटे निवडण्याचे विजेवर चालणारे यंत्र घेतले. लहान-मोठा माल त्यावर झटपट वेगळा होई. जॅक आजूबाजूच्या शेतकऱ्यांचा मालही निवडून देऊ लागला. भागीदाराचे म्हणणे, यंत्र आपल्यापुरतेच ठेवायचे. वाद मिटेना तेव्हा दोघांनी नाणे उडवले. नाणे जॅकच्या बाजूने पडले आणि यंत्र त्याचे झाले. वय विशीच्या आतबाहेर. सिम्प्लॉट कंपनी आपली सुरुवात १९२९ पासून मोजते. दुसरे महायुद्ध पेटले तोवर आयडाहो आणि शेजारच्या ओरेगॉन राज्यात त्याची बटाट्याची ३३ गोदामे झाली होती.

आता कांद्याची गोष्ट. १९४१ मध्ये कॅलिफोर्नियातल्या एका व्यापाऱ्याकडून कांद्याचे पैसे येणे होते. वसुलीसाठी जॅक स्वतः गाडी चालवत गेला. तिथे त्याच्या मनात आले, हा माणूस एवढा कांदा घेऊन करतो तरी काय? चौकशी केली तेव्हा कळले की कांदा वाळवून त्याची पूड होते. वाळवलेला कांदा पुरवण्याचा सौदा करूनच तो घरी परतला. तोवर त्याच्याकडे वाळवण्याचा कारखाना तर सोडाच, साधी भट्टीही नव्हती. आल्यावर त्याने कॉल्डवेल गावात कारखाना उभारला आणि शब्द पाळला. हा सौदा वाचकांनी लक्षात ठेवावा. पुढे तो आपल्याला पुन्हा आठवणार आहे.

त्याच वर्षी डिसेंबरात अमेरिका युद्धात उतरली. सैन्याला न सडणारे, हलके, पोत्यात भरून समुद्रापार नेता येईल असे अन्न हवे होते. जिथे कांदा वाळतो तिथे बटाटाही वाळतो. आपल्या घरी उन्हाळ्यात गच्चीवर बटाट्याचा कीस आणि वेफर वाळत घालतात, तीच युक्ती. बटाट्याचे मूळ घर म्हणजे दक्षिण अमेरिकेतला अँडीज पर्वत. तिथले लोक शतकानुशतके बटाटा रात्रीच्या गारठ्यात गोठवतात, पायांनी तुडवून पाणी काढतात आणि उन्हात वाळवून वर्षानुवर्षे टिकवतात. जॅकने हेच काम यंत्रावर घेतले. युद्धकाळात अमेरिकी सैन्याने घेतलेल्या वाळवलेल्या बटाट्यातला सुमारे एक तृतीयांश एकट्या त्याचा होता, असे सांगितले जाते.

खरी गंमत यापुढे आहे. माल भरायला लाकडी खोकी मिळेनात, म्हणून त्याने लाकडाचा धंदा घेतला. शेताला खत मिळेना, म्हणून १९४४ मध्ये पोकाटेलो शहराजवळ खताचा कारखाना काढला. खताला फॉस्फेटचा दगड लागतो, म्हणून खाणी घेतल्या. कारखान्यात सालींचे डोंगर साचू लागले, म्हणून गुरे पाळली आणि साली त्यांना घातल्या. गुरांसाठी कुरणे घेतली. पुढे सालींपासून इथेनॉलही काढले. एकाच माणसाच्या शेतात बटाटा पिके, त्याच्याच खताने वाढे, त्याच्याच कारखान्यात सोलला जाई, त्याच्याच खोक्यातून जाई आणि त्याच्याच गोठ्यात त्याची साल खपे. मालक बदलतच नसे. आमची अम्मी भाजी निवडताना साली वेगळ्या ठेवायची, शेजारच्या शेळीसाठी. जॅकने ते हजारो टनांत केले.

पण त्याचे नाव ज्या वस्तूने जगभर गेले, ती त्याला स्वतःला सुचलेली नाही. त्याच्याकडे रे डनलॅप नावाचा रसायनतज्ज्ञ होता. बटाट्याच्या फोडी अर्धवट तळून गोठवता येतील, असे डनलॅपचे म्हणणे. जॅकला शंका होती, कारण गोठवलेला बटाटा वितळला की त्याचा लगदा होतो. तरी त्याने प्रयोग करू दिला. डनलॅपने लगदा होऊ न देण्याची रीत शोधली आणि १९५० च्या दशकाच्या सुरुवातीला गोठवलेले फ्रेंच फ्राइज बाजारात आले. घरोघरी ते फारसे चालले नाहीत. कढईभर तेल तापवायचे तर गोठवलेल्याची बायकांना सोय काय? सोय होती ती हॉटेलवाल्यांना. मॅकडोनाल्ड्सच्या दुकानांत तेव्हा ताजे बटाटे रोज सोलून कापावे लागत आणि हंगामाप्रमाणे चव बदले. १९६० च्या दशकात जॅकने मॅकडोनाल्ड्सच्या रे क्रॉकशी हात मिळवला. लेखी करार होण्याआधी त्या हातमिळवणीवरच त्याने नवा कारखाना उभारायला घेतला. १९७० च्या दशकात त्या साखळीत ताजा बटाटा सोलणे जवळपास थांबले.

भारतात मॅकडोनाल्ड्सचे पहिले दुकान १९९६ मध्ये उघडले. आज आपल्या गावातल्या किराणा दुकानाच्या फ्रीजमध्येही गोठवलेल्या फोडींची पाकिटे असतात. कंपन्या वेगळ्या असतील, पण रीत डनलॅपच्या प्रयोगशाळेतून निघालेली. पुणे जिल्ह्यात आंबेगाव तालुक्यातल्या सातगाव पठारावर वेफर कंपन्यांसाठी करारावर बटाटा लावणारे शेतकरी आहेत. कारखान्याला हवा तो वाण, हव्या त्या आकाराचा माल, आधी ठरलेला भाव. शेती आणि कारखाना यांची अशी गाठ आयडाहोत फार आधी घट्ट बसली होती.

वेफरवरून आठवले. संगणकाच्या चिप ज्या सिलिकॉनच्या पातळ चकतीवर कोरतात, तिलाही वेफरच म्हणतात. १९८० मध्ये बॉइसी शहरातल्या मायक्रॉन नावाच्या नव्या कंपनीला स्मृती-चिपचा कारखाना काढायला पैसे हवे होते. कंपनीच्या संस्थापकांत वॉर्ड आणि जो पार्किन्सन हे जुळे भाऊ होते, एक अभियंता आणि एक वकील. ते बटाटेवाल्याकडे आले. तेव्हा जॅकचे वय ७१. आपल्याकडे त्या वयाला लोक निरवानिरवीचे बोलतात. त्याने १० लाख डॉलर दिले, आणि पुढे चिपचे भाव कोसळल्यावरही पाठ फिरवली नाही. त्याला चिपमधले काही कळत नव्हते. पण आज पडलेला भाव उद्या चढतो आणि तोवर जो टिकतो तो कमावतो, हे डुकरांपासून बटाट्यापर्यंत त्याने पाहिले होते. त्याच्या संपत्तीचा मोठा भाग शेवटी या दुसऱ्या वेफरमधून आला. त्याच मायक्रॉनने २०२३ मध्ये गुजरातेतल्या साणंदला कारखाना काढायचे जाहीर केले.

जमेची बाजू इथे संपते. एवढीच मोबाइलवर दिसते. आता नावे.

१९७६ चा मे महिना. न्यूयॉर्कच्या वायदेबाजारात जॅकने आणि इतर काही जणांनी मेन राज्याचा बटाटा मोठ्या प्रमाणात आगाऊ विकला होता. माल हातात नव्हता. भाव पडेल, मग स्वस्तात घेऊन देऊ, असा त्यांचा होरा. भाव पडला नाही. मुदत संपली तेव्हा सुमारे १,००० सौद्यांचा, म्हणजे सव्वादोन कोटी किलोंहून जास्त बटाटा द्यायचा राहिला. अमेरिकेच्या वायदेबाजाराने तोवर एवढी मोठी चूक पाहिली नव्हती. जॅकला दंड झाला आणि काही वर्षे वायद्यांत उतरायला बंदी आली. पुढच्याच वर्षी उत्पन्न लपवल्याच्या प्रकरणात आयकर खात्याचाही दंड भरावा लागला.

मघाचा कांद्याचा सौदा आठवा. तेव्हाही माल हातात नव्हता. पण त्याने कारखाना बांधला, कामाला माणसे लावली, कांदा वाळवला आणि पोचता केला. १९७६ मध्ये बटाटा पिकवायचा नव्हता, पोचवायचाही नव्हता, फक्त भावावर पैज लावायची होती. जे आपल्या ताब्यात नाही ते विकू नये, असे आपल्याकडचे बुजुर्ग व्यापाराला बसणाऱ्या मुलाला पहिल्या दिवशी सांगतात, आणि आपल्या दीनमध्येही याची ताकीद आहे. ती ताकीद कशासाठी, हे समजावायला याहून चांगले उदाहरण आम्हाला सापडले नाही. त्या दिवशी नुकसान एकट्या जॅकचे झाले नाही. बाजाराच्या शब्दावर विसंबलेल्या लोकांचेही झाले.

दुसरी नावे बाजू जमिनीची. फॉस्फेटचा दगड ज्या गे खाणीतून आला, ती शोशोन आणि बॅनॉक या मूळ रहिवाशांसाठी राखलेल्या जमिनीवर होती. पोकाटेलोजवळचा तो कारखाना आणि शेजारचा दुसऱ्या कंपनीचा कारखाना यांच्या आवारातली माती आणि भूजल इतके बिघडले की १९९० मध्ये अमेरिकेच्या पर्यावरण खात्याने तो परिसर देशातल्या सर्वांत दूषित जागांच्या यादीत घातला. सिम्प्लॉटच्याच स्मोकी कॅनियन या फॉस्फेट खाणीतून सेलेनियम नावाचे द्रव्य ओढ्यांत उतरले. बटाट्याची साल वाया जाऊ न देणाऱ्या माणसाच्या खाणीची साल, म्हणजे वर काढलेला दगडमातीचा ढीग, मात्र पाण्याच्या वाटेला गेली. विरासत म्हणतात ती हीसुद्धा. कंपनी मुलानातवंडांना मिळाली, आणि ओढ्याकाठच्यांना ओढा.

जॅक सिम्प्लॉट २५ मे २००८ रोजी वारला. वय ९९. बॉइसीत टेकडीवर त्याचे मोठे घर होते, त्यावर दुरून दिसणारा प्रचंड झेंडा. २००४ मध्ये त्याने ते घर राज्याला दिले, राज्यपालांनी तिथे राहावे म्हणून. कोणीच राहायला गेले नाही. टेकडीभरच्या हिरवळीला पाणी घालण्याचा खर्चच परवडेना. २०१३ मध्ये राज्याने घर कुटुंबाला परत केले, आणि पुढे ते पाडले गेले. खत, खाणी, गुरे, ऑस्ट्रेलियातले भाज्यांचे कारखाने असा पसारा असलेली कंपनी मात्र आजही कुटुंबाच्याच हातात आहे. शिवाय कुटुंबाने बॉइसीच्या मध्यभागी एक मोठी वास्तू बांधली. तिथे जॅकने जमवलेले जुने ट्रॅक्टर मांडले आहेत, आणि स्वयंपाकापासून यंत्रकामापर्यंत हाताची कामे शिकायच्या खोल्या आहेत. आठवीत शाळा सोडलेल्या माणसाच्या नावाने लोक आज तिथे शिकायला येतात.

आठ दिवसांनी तो मुलगा आला. आम्ही हे सगळे त्याला फळ्यावर मांडून दाखवले, डावीकडे जमा, उजवीकडे नावे. मग विचारले, "फोडी गोठवायची रीत कोणी काढली?"

"केमिस्टने."

"चिपची कंपनी?"

"इंजिनिअर आणि वकील." थोडे थांबून म्हणाला, "पण सर, त्याला स्वतःला कुठे शिकावं लागलं? पगारावर माणसं ठेवली."

प्रश्न बरोबर होता. आम्ही म्हणालो, "बरोबर आहे. मामू केमिस्ट ठेवतील का पगारावर?" तो हसला. "नाही सर. हमाल एकच आहे, तोही रोजावर."

"मग तुमच्या गाळ्यावर केमिस्ट कोण होणार?"

त्यावर तो काही बोलला नाही. आम्हीही ताणले नाही. या घरात कमावणारा हात एकच आहे, हे आम्हाला ठाऊक आहे, आणि पोटाच्या प्रश्नाला फळ्यावरचे उत्तर पुरत नाही. म्हणून त्याला एक काम दिले. सात दिवस गाळ्यावरचा किती माल सडून फेकला जातो, तो रोज तोलून लिहून आणायचा. जॅकने सुरुवात तिथूनच केली होती.

मामू स्वतःच शाळेत आले. आम्हाला वाटले, दाखल्यासाठी भांडायला आले. तर खिशातून कागद काढून म्हणाले, "सर, आठवड्यात चौसष्ट किलो फेकतोय आपण. मला अंदाजच नव्हता. पोरानं रोज तोलून लिहिलंय." आम्ही त्यांना चहा दिला. बोलणी झाली. मुलगा पहाटे मार्केट यार्डात माल उतरवायला जाईल आणि रविवारी दिवसभर गाळ्यावर बसेल. बाकी दिवस शाळा, निदान दहावीपर्यंत. मामू त्याचा हातखर्च आणि अम्मीला थोडे घरखर्चाला देतील. हे कितपत टिकेल, सांगता येत नाही. पहाटे उठल्यामुळे तो तिसऱ्या तासाला डुलक्या घेतो, आणि आम्ही सध्या तिकडे काणाडोळा करतो.

त्याचा तो कागद आम्ही ठेवून घेतला आहे. वजने नीट लिहिली आहेत, बेरीजही बरोबर आहे. खाली त्याने आपल्या मनाने एकूण मालातल्या नासाडीची शेकडेवारी काढली आहे. ती चुकली आहे. शेकडेवारीचा तास सोमवारी आहे, आणि सोमवारी येतो म्हणाला आहे, इन्शाअल्लाह.